गुडघ्याएवढी छाटणी

मित्रांनो, मी एक जुने झुडूप आहे. लोक मला फुलपाखरांचे झाड म्हणतात. शिवणाच्या खोलीच्या खिडकीखाली माझे आयुष्य गेले. मधासारख्या वासाचे जांभळे तुरे आणि त्यांवर फुलपाखरे, असा एके काळी माझा थाट होता.

एका गिऱ्हाइकाने मापाच्या झग्यासोबत माझी बोटभर फांदी आणली होती. शिवणकाम करणाऱ्या आईने ती वाळूच्या डब्यात रुजवली आणि मग मला नळाजवळ लावले. तिथे सतत ओल. माझी पाने पिवळी पडली.

"रुसूबाई, तुला ऊन हवंय होय?" असे म्हणत तिने मला खिडकीखाली हलवले. तिथे दिवसभर ऊन होते आणि खडीच्या जमिनीत पाणी ठरत नव्हते. मी जोमाने वाढू लागले.

हिवाळा सरत आला की आई माझ्याशेजारी उभी राही आणि आपल्या गुडघ्याच्या वरचे सगळे कापून टाकी. पहिल्यांदा ते पाहून शेजारच्या काकू कुंपणावरून ओरडल्या, "अगं बाई, कसला सूड उगवतेस त्याच्यावर?"

"कापल्याशिवाय कापड अंगाला बसत नाही, वहिनी. याचंही तसंच. नव्या फांदीलाच फुलं धरतात."

उन्हाळ्यात माझे तुरे खिडकीत डोकावत. एखादे फुलपाखरू आत शिरून फुलाफुलांच्या कापडावर बसे.

"फसलंस ना!" आई म्हणे. "माझ्या गिऱ्हाइकांसारखंच तू, रंग बघून भुलणारं." शेजारी अभ्यास करणारी तिची लेक खुदकन हसे.

मग एका हिवाळ्यात मशीनचा आवाज थांबला. आई गेली.

छाटणीची वेळ आली तेव्हा लेक माझ्या फांदीवर हात ठेवून नुसती उभी राहिली. "या फांद्या आईने बघितल्यात, काकू," ती म्हणाली. "मी नाही कापणार." रोज संध्याकाळी मात्र ती मला बादलीभर पाणी घालू लागली.

मित्रांनो, तिची माया मला कळत होती. पण माझी मुळे चिखलात गुदमरत होती. माझ्या फांद्या खिडकीच्या वर निघून गेल्या. पन्हाळीपाशी दोन-चार खुरटे तुरे आले आणि फुलपाखरे तिथूनच परस्पर निघून गेली. खिडकीत उरल्या उघड्या काटक्या. त्यांच्याकडे बघत लेक बंद मशीनपाशी बसून राही. मला आईच्या हाताची ओढ लागे. नवल वाटेल तुम्हाला, तिच्या कात्रीचीही.

पुढच्या हिवाळ्यात वाऱ्याने माझी थोरली फांदी बुडापासून फाटली. काकू धावत आल्या.

"अजून एक असा वारा आला की संपलंच हे. आठवण म्हणून झाड जपणार आहेस, की सरपण? काय म्हणायची तुझी आई?"

लेक आत जाऊन कात्री घेऊन आली.

"अगं ए, ती कापडाची! तिला कागदसुद्धा लावू द्यायची नाही तुझी आई. वरून धपाटा घालेल!"

लेक हसली आणि हसता हसता रडली. काकूंनी तिला रडू दिले. मग तिने बागेची कात्री आणली.

"किती ठेवू?"

"गुडघ्याएवढं."

"आईच्या, की माझ्या?" लेक आईहून उंच होती.

"तुझ्या. आता दरवर्षी तूच कापणार ना?"

पहिला घाव बसला तेव्हा मला दुखले. पण आतापर्यंत कोंडलेला श्वासही सुटला.

मित्रांनो, झाडांवर जरूर प्रेम करा. त्यांना ऊन द्या, मुळाशी पाणी साचू देऊ नका, आणि मायेपोटी छाटणी टाळू नका. कधी आलात तर वाकून माझे खोड बघा. खाली आईच्या कात्रीच्या खुणा आहेत, चार बोटे वर लेकीच्या. त्या दोन्हींच्या मधून कोवळे फुटवे आले आहेत.

फुले अजून यायची आहेत. लेकीने खिडकी उघडी ठेवून मशीनवर फुलाफुलांचे कापड पसरले आहे. आम्ही दोघे वाट बघत आहोत.