सहादूच्या गाडीचा भोंगा

मी एक जुना भोंगा आहे. पुढे पितळी तोंड, मागे काळा रबरी फुगा. हसू नका मित्रांनो! तुमच्या बटणाच्या हॉर्नला काय कळणार, फुगा दाबला की पोटातून हाक कशी निघते ते!

नाशकातल्या एका तांबटाने मला ठोकून ठोकून घडवलं आणि सहादूने हौसेने आपल्या मोटारीला बसवलं. साल असेल एकाहत्तर. तेव्हा निफाडहून नाशिकला खाजगी गाड्याही धावत. सकाळची पहिली गाडी सहादूची, तिच्यामागची कोंडाजीची. हा क्रम सरकारी वेळापत्रकात ठरलेला. बाजाराला जाणारे सगळे पहिलीच गाडी धरत, म्हणून त्या वेळेवरच सहादूचं घर चालायचं.

वाटेतल्या एका फाट्यावर भिमाबाई पेरूची पाटी घेऊन चढत. त्यांचं घर आत मळ्यात. त्या दिसल्या नाहीत की सहादू गाडी थांबवून मला दाबायचा. पोंऽऽ पोंऽऽ! मग त्या पाटी सावरत धावत यायच्या.

"मावशी, पळू नका, पडाल! गाडी काय पाखरू हाय व्हय उडून जायला?"

"आन् गेला असता म्हंजे? पेरू काय तुझ्या बापानं खाल्लं असतं?"

अख्खी गाडी हसायची. मी तर मनातून फुलून जायचो.

नाशकात पोचल्यावर सहादू आणि कोंडाजी एकाच फडक्यातली भाकरी खात. त्यामुळे एक दिवस मोटार कचेरीतून नोटीस आली, तेव्हा सहादूला खरंच वाटेना. 'पहिली गाडी फाट्यावर रेंगाळते आणि माझे उतारू पळवते,' अशी तक्रार होती. तक्रारदार कोंडाजी!

"वकिलानं भरीस घातलं रे," कोंडाजी म्हणाला. "तू घोर लावून घेऊ नको. मी मिटवतो."

सहादूने मान डोलावली. इतका भोळा माणूस!

सुनावणीला मलाही नेलं. उतारूंना बोलावणारा भोंगा म्हणून मी कचेरीतल्या साहेबांच्या मेजावर बसलो होतो, पुरावा बनून. साक्षीला कोण आलं? भिमाबाई! नवं लुगडं नेसून.

"बाई, ही गाडी तुमच्यासाठी थांबते?" कोंडाजीच्या वकिलाने विचारलं.

"थांबती म्हंजे! ह्यो भोंगा मला घरातून बोलावून आणतो. सहादू मला टाकून कधीच गेला नाय, सायेब."

"मग गाडीची वेळ टळत असेल?"

"टळंना का! माणसापरीस येळ मोठी हाय व्हय?"

वकील हसून खाली बसले.

बाहेर आल्यावर भिमाबाईंनी सहादूच्या पाठीवरून हात फिरवला. "लय चांगलं बोलले बघ. कोंडाजीच म्हणला होता, साहेबापुढं सहादूचं गुण सांग, त्याचं भलं हुईल."

सहादूने कोंडाजीकडे पाहिलं. कोंडाजी चपलेचा अंगठा नीट करत होता.

पहिली वेळ कोंडाजीला मिळाली. सहादूला दुपारची. दुपारी कोण जातं बाजाराला? रिकामी बाकडी वाहून वाहून अखेर गाडी विकली गेली आणि मी भंगारवाल्याच्या पोत्यात पडलो. धूळ खात पडलो असतो तरी बरं झालं असतं. पण कोंडाजीने मला हुडकून विकत घेतलं आणि आपल्या गाडीला बसवलं. माझ्या आवाजावर माणसं येतात, हे त्याला पक्कं ठाऊक होतं ना!

फाट्यावर त्याने मला दाबलं. पोंऽऽ पोंऽऽ! मळ्यातून भिमाबाई धावत आल्या, तोंडभर हसत. "आला का रं सहादू?"

"चढा मावशी, जागा धरलीय," कोंडाजी म्हणाला.

त्यांचं हसू मावळलं. त्यांनी पाटी खाली ठेवली आणि तिच्याशेजारी मातीतच बसल्या.

"जा बाबा. तुझी येळ टळंल."

मित्रांनो, जुन्या वस्तू जपा, असं तुम्हाला सगळेच सांगतात. मी वेगळं मागतो. तुमच्या हाकेवर कुणी भरवशाने धावत येत असेल, तर त्याला फसवू नका. त्या सकाळी माझं एवढं मोठं पितळी तोंड, पण "मावशी, मी तुम्हाला बोलावलं नाही" एवढं काही त्यातून निघालं नाही.