साठेवारी कोणाची

कोशाच्या कार्यालयात त्यांना सगळे बाई म्हणत. शिपायापासून समितीच्या अध्यक्षांपर्यंत सगळ्यांच्या तोंडी तेच. शास्त्रीय शब्दांचा मोठा कोश चालला होता आणि बाईंच्या हाताखालून गेल्याशिवाय एक शब्द आत शिरत नसे. नियम त्यांचेच होते आणि कडक होते. शब्द कितीही गोजिरा असो, त्याला छापील दाखले हवेत. कोणीतरी, कुठेतरी तो लिहून वापरलेला असला पाहिजे. 'लोक बोलतात' एवढ्यावर बाई भुलायच्या नाहीत. लोक काय, शिंकतातही, असं त्या म्हणायच्या.

घरात मात्र त्या धाकट्या. थोरला भाऊ दुसऱ्या गावी शाळेत गणित शिकवायचा. गाव त्याला मास्तर म्हणायचं, बाई दादा म्हणायच्या. दादाला शब्दांचा भारी नाद. भर कामात कार्यालयात फोन करून तो सांगायचा, की आमच्या पोरांनी कंपासपेटीतल्या कर्कटकाला 'लंगडा' नाव ठेवलंय, कारण एक पाय रोवून तो दुसऱ्यानं गोल फिरतो. घाल तुझ्या कोशात. बाई वैतागून हसायच्या आणि फोन ठेवायच्या.

गणिताच्या शब्दांसाठी एखादा शिक्षक सल्लागार म्हणून बोलवावा असं ठरलं, तेव्हा त्यांनीच दादाचं नाव सुचवलं. तो कडक इस्त्रीचा शर्ट घालून आला आणि लांबलचक टेबलाच्या अगदी टोकाच्या खुर्चीवर बसला. सकाळभर त्यानं मोजकंच तोंड उघडलं. मग साठ-साठानं मोजण्याच्या पद्धतीला काय म्हणायचं, हा प्रश्न निघाला. घड्याळात साठ सेकंदांचं मिनिट, साठ मिनिटांचा तास. कोनातही साठ विकलांची एक कला, साठ कलांचा एक अंश. एरवी आपण दहा झाले की हातचा धरतो, इथे साठ झाले की धरायचा. जुन्या ग्रंथांत 'षष्टिमान' सापडत होतं. अध्यक्षांनी ते वाचून दाखवलं आणि पुढे सरकणार, एवढ्यात दादानं हात वर केला, वर्गात पोरं करतात तसा.

"मी वर्गात साठेवारी म्हणतो," तो म्हणाला. "शेकडेवारी आहे, तशी साठेवारी. पोरांना लगेच कळतं."

मग पदार्थविज्ञानाचे एक गृहस्थ, जे जेवणाची वेळ जवळ आली की फार विनोदी होत, म्हणाले, "जपून हं मास्तर. साठेवारी म्हटलं की साठेबाजीची धाड पडायची."

सगळे खदखदून हसले. बाईही हसल्या. दादासुद्धा हसला, पण बाकीच्यांपेक्षा थोडा उशिरा.

हसणं ओसरल्यावर बाईंनी त्याचा शब्द नीट, मुद्देसूद खोडून काढला. शेकडेवारीतला 'वारी' हा वाटणीचा, प्रमाणाचा. शेकडेवारी म्हणजे शंभरात किती. त्या न्यायानं साठेवारी म्हणजे साठात किती, असा अर्थ होईल. साठ हा पाया धरून मोजणं, हा अर्थ त्यात येतच नाही. आणि छापील दाखला तर एकही नाही. मुद्दा बिनतोड होता, आजही आहे. षष्टिमान एकमतानं पास झालं आणि साठेवारी हसण्यावारी गेली.

पायऱ्या उतरताना दादा म्हणाला, "एकदा वर्गात ये. पोरं तो शब्द कशी वापरतात ते ऐक तरी."

"ऐकलेलं चालत नाही रे दादा. छापलेलं दाखव."

"ऐकायला तर ये."

"बघते," बाई म्हणाल्या. कोश छापखान्यात जायची घाई होती. बघते म्हणजे नाही, हे दोघांनाही ठाऊक होतं.

कोश निघाला. पहिल्या प्रतींतली एक बाईंनी स्वतः दादाच्या घरी नेऊन दिली. त्यानं आधी 'ष' उघडलं. तिथे छापलं होतं: षष्टिमान, साठ हा पाया असलेली गणनपद्धती. खाली वापराचं वाक्य, बाईंनीच रचलेलं: षष्टिमान पद्धतीने कालगणना केली जाते. दादानं चष्मा कपाळावर सरकवला.

"वाक्य शुद्ध आहे," तो म्हणाला. "बोलणार कोण?"

बाईंना ते लागलं. एवढ्या वर्षांच्या कामात त्यानं बोट ठेवावं ते यावरच, असं त्यांना वाटलं. चहा अर्धा टाकून त्या बस गाठायला निघाल्या. वहिनी दारापर्यंत आल्या, दादा आला नाही.

भांडण असं झालंच नाही. झालं असतं तर मिटलं तरी असतं. फक्त दादाचे फोन बंद झाले. सुरुवातीला बाईंना बरंच वाटलं, कामात खंड पडत नव्हता. हळूहळू कधीतरी लक्षात आलं, की दादानं कित्येक दिवसांत एकही शब्द आणलेला नाही. भेटीगाठी होत होत्या, एकमेकांच्या गुडघ्यांची चौकशी होत होती, पण पोरं कशाला काय म्हणतात हे तो सांगेना आणि विचारायला बाईंची जीभ रेटेना. आज विचारू, उद्या विचारू करता करता दोघंही निवृत्त झाले. दादाचा शाळेतला शेवटचा तास कधी झाला, हेसुद्धा बाईंना नंतर कळलं.

मग एका सकाळी वहिनींचा फोन आला. दादाला झटका आला होता. हातपाय वाचले होते, पण बोलणं गेलं होतं. म्हणजे आवाज होता, शब्द नव्हते. इस्पितळातून घरी आणल्यावर येऊन जा, म्हणजे तो थोडा सावरलेला असेल, असं वहिनींनी सांगितलं. बाईंनी तेवढं थांबून बस धरली.

मध्ये गाडी बदलायची होती. पुढची बस कधी, ते विचारायला त्या आगारातल्या कंट्रोलरच्या खिडकीशी उभ्या राहिल्या. आत कंट्रोलर, दंडावर चष्म्याची काच पुसत बसलेला जाडजूड माणूस, आणि त्याच्यासमोर नवा कंडक्टर आपल्या कामाचे तास मिळवत होता. सकाळची फेरी दोन पन्नास, आत्ताची एक चाळीस. एकूण तीन नव्वद, असं त्यानं जाहीर केलं.

"तीन नव्वद?" कंट्रोलर मान वर न करता म्हणाला. "साठेवारी आहे ती, बाबा. चार तीस लिही."

बाईंचा हात खिडकीच्या गजावर राहिला. त्यांनी बसची वेळ विचारायचं सोडून विचारलं, हा शब्द तुम्ही कुठे शिकलात? कंट्रोलरला प्रश्नच कळेना. कुठला शब्द? साठेवारी? त्यात शिकायचंय काय, सगळे तसंच म्हणतात, तो म्हणाला. आधीच्या आगारातही म्हणायचे. गणिताच्या कुणा मास्तरांना ओळखता का, असं बाईंनी विचारून पाहिलं. तो कोणाही मास्तरांना ओळखत नव्हता, आणि मागे रांग लागली होती.

बसमध्ये बाईंना बसल्या जागी चैन पडेना. दादाला कधी एकदा सांगते असं झालं होतं. शब्द त्याच्या वर्गातून उठून, कुठून कुठे फिरत, त्याचं नावही न ऐकलेल्या माणसांच्या तोंडी जाऊन बसला होता. कोशाला विचारायला तो थांबला नव्हता. मी चुकले, असं दादाला सरळ म्हणायचं, त्यांनी ठरवलं. किती सोपं वाक्य होतं. इतकी वर्षं ते का जमलं नाही, याचं उत्तर त्यांना खिडकीबाहेर बघूनही सापडलं नाही.

दादा खिडकीजवळच्या खुर्चीत बसला होता. दाढी वहिनींनी केलेली असावी, हनुवटीखाली थोडी राहून गेली होती. मांडीवर शब्द आठवायला दिलेले चित्रांचे पुठ्ठे होते, कप, छत्री, कुलूप अशी. त्यानं बाईंना ओळखलं, चेहरा उजळला. बाईंनी पाणीसुद्धा न पिता आगारातली हकीकत सांगितली, कंडक्टरच्या तीन नव्वदसकट. दादा मन लावून ऐकत होता. सांगून झाल्यावर तो पाहुण्यांपुढे हसतात तसं हसला.

"साठे... वारी," तो सावकाश म्हणाला. मग जरा ओशाळून, "म्हणजे... काय?"

बाईंना वाटलं, हा थट्टा करतोय. हिशेब चुकता करतोय. त्यांनी वहिनींकडे पाहिलं. वहिनींनी नुसती मान हलवली. काही शब्द येतात, काही नाहीत, कोणते ते त्यालाही माहीत नसतं, असं त्यांनी हळूच सांगितलं.

"साठ हा पाया असलेली गणनपद्धती," बाईंच्या तोंडून निघून गेलं.

दादा बघत राहिला. कळलं नाही हे सांगायची लाज वाटणाऱ्या पोरासारखा. बाईंनी वहिनींना विचारलं, दादा हे वर्गात कसं समजावून सांगायचा? वहिनी म्हणाल्या, मी कधी त्याच्या वर्गात बसले होते? तूही नाहीस. त्या सहज बोलल्या, त्यात टोमणा नव्हता. बाई एकदा, एकच दिवस त्या वर्गात मागच्या बाकावर जाऊन बसल्या असत्या तर आज त्यांच्याजवळ दादाचे शब्द असते आणि ते त्याला परत देता आले असते.

त्यांनी भिंतीवरचं घड्याळ उतरवून मांडीवर घेतलं. "हे बघ दादा. पन्नास मिनिटं झाली. त्यात आणखी वीस. किती?"

"सत्तर."

"सत्तर. पण घड्याळात सत्तर नसतात ना." बाई अडल्या. मग नुकतंच पाहिलेलं आगार त्यांच्या मदतीला आलं. "असं समज, बस आहे. साठ माणसं बसली की ती सुटते, थांबत नाही. सत्तर माणसं आली. काय होईल?"

दादानं कपाळाला आठ्या घातल्या. त्याचं बोट घड्याळाच्या काचेवरून फिरलं. "एक... गेली," तो म्हणाला. "दहा... उभी."

"हां. एक तास, दहा मिनिटं. असं साठ-साठानं मोजायचं, त्याला साठेवारी म्हणायचं."

"साठेवारी." या वेळी शब्द एका दमात आला. दादा खूश झाला, मांडीवर थाप मारली. "चांगला आहे. शब्द. सोपा. कोणी केला?"

"तू केलास, दादा."

तो जोरात मान हलवू लागला. "मी नाही. मी..." पुढचा शब्द सापडेना. मग त्यानं बाईंकडे बोट केलं. "तू. तू शब्दांची."

"नाही रे. तूच केलास. आणि मी तो घेतला नाही. चुकले मी."

ते सरळ वाक्य अखेर निघालं, पण ज्याला ऐकवायचं तो तिथे नव्हता. दादाला त्यातलं काहीच लागलं नाही. त्यानं बाईंचा हात हातात घेतला आणि लहानपणी पहिला नंबर आल्यावर थोपटायचा तसा थोपटला. "हुशार," तो म्हणाला. "आमची धाकटी." बाईंनी पुन्हा सांगून पाहिलं, वहिनींनीही सांगितलं. तो दोघींकडे बघून मिस्कील हसत राहिला.

परत आल्यावर बाई कोशाच्या कार्यालयात गेल्या. दुसऱ्या आवृत्तीचं काम चाललं होतं आणि त्यांच्या खुर्चीवर आता त्यांचाच जुना सहायक होता. त्यानं उठून खुर्ची दिली, सगळं ऐकून घेतलं, आणि अवघडून विचारलं, "छापील दाखला आहे का, बाई?" मी एखादा लेख लिहून त्यात वापरते, असं बाई म्हणाल्या. तो आणखीच अवघडला. कोशाच्या माणसांनी स्वतः छापून आणलेला दाखला धरायचा नाही, हाही नियम बाईंनीच घातला होता. त्यावर वाद घालण्यासारखं काही नव्हतं. आपणच शिकवलेला माणूस, नीट शिकला होता.

त्यानंतर बाई दर पंधरवड्याला दादाकडे जाऊ लागल्या. कधी चार शब्द परत यायचे, कधी आधीचे दोन जायचे. साठेवारी मात्र राहिली. घरी कोणी आलं, की दादा घड्याळ दाखवून बस भरून सोडायचा आणि मग अभिमानानं बाईंकडे बोट करायचा. बाईंनी आधी दर वेळी खुलासा केला. मग वहिनीच म्हणाल्या, राहू दे, त्याला किती आनंद होतो बघ. बाई गप्प बसू लागल्या. ते गप्प बसणं दुरुस्तीपेक्षा जड जायचं.

पुढच्या वर्षी दादा गेला. झोपेतच गेला. भेटायला गावातली माणसं येत होती, त्यात शाळेत आता गणित शिकवणारा एकजण आला, मास्तरांचाच जुना विद्यार्थी, त्यांच्या आजारपणात अधूनमधून भेटून जाणारा. मास्तरांबद्दल तो भरभरून बोलला. मग बाईंना म्हणाला, की तुमचा शब्द आम्ही अजून वर्गात वापरतो, आणि मी मुलांना आवर्जून सांगतो, हा आपल्या मास्तरांच्या बहिणीनं केलाय.

बाईंनी त्याला समोर बसवलं. एकेक गोष्ट सांगितली, बैठकीतलं हसणंही वगळलं नाही. शब्द मास्तरांचा होता, मी तो नाकारला, उद्यापासून मुलांना तसं सांगा, असं त्या म्हणाल्या.

त्यानं आदरानं सगळं ऐकून घेतलं आणि मान डोलावली. "मास्तर म्हणालेच होते," तो म्हणाला. "बहीण कबूल करायची नाही म्हणून."