बेचाळीस नंबरचा लिंब

माझे वडील नानासाहेब एसटीच्या वर्कशॉपमधून रिटायर झाले, इंजिन उघडून बसवतील, पण कागद वाचायचा म्हटलं की त्यांना झोप येते. हे मी त्यांच्या तोंडावर म्हणते आणि ते हसून ऐकून घेतात. त्याचाच मला जास्त राग येतो.

पुंडलिकनगरातला आमचा प्लॉट वीस बाय तीसचा, बाँडपेपरवर घेतलेला. नंबर बेचाळीस. शेजारचा त्रेचाळीस त्रिंबककाका आणि साळूमावशीचा. त्यांच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या मेंढरं. शहरात आली तरी मावशीनं दोन शेळ्या सोबत आणल्याच. बेचाळीसवर कडुलिंबाचं झाड होतं आणि त्रेचाळीस उघडाबोडका. शेळ्या उन्हात कुठं बांधू, म्हणून मावशी रडकुंडीला आली, तर नाना म्हणाले, मग लिंब तुम्हीच घ्या. नारळ फोडला, गूळ वाटला, प्लॉट बदलले. कागद होते तसेच राहिले.

तीस वर्षं कुणाचं काही अडलं नाही. त्रिंबककाका गेले, माझी आई गेली. नानांना खोकला लागला तेव्हापासून मावशीकडून रोज सकाळी पेलाभर शेळीचं दूध येतं. मला त्या दुधाच्या वासानंच मळमळतं, पण नाना ते प्रसादासारखं पितात.

अडलं ते माझ्यामुळं. माझी बदली इथं झाली आणि मी लेकीला घेऊन बापाकडं राहायला आले. श्रेया दहावीत. तिचा अभ्यास आणि नानांचा खोकला एकाच खोलीत. वर एक खोली काढायची ठरवली, तर महापालिकेनं बांधकाम परवानगी नाकारली. तुमच्या नावावर बेचाळीस, घर त्रेचाळीसवर, आधी हे निस्तरा. वकील म्हणाले, रजिस्ट्री नाही, तेव्हा अदलाबदल कोर्टातूनच मान्य करून घेऊ. नानांनी मावशीवर दावा लावायचा, तिनं कबूल व्हायचं, मग तडजोड.

"तिला मी सांगतो," नाना म्हणाले. आणि आज सांगतो, उद्या सांगतो करत महिना काढला. बहिणीसारख्या बाईला 'तुझ्यावर केस टाकतोय' असं कुठल्या तोंडानं सांगणार?

दाव्याचा मसुदा मी वाचला होता. 'प्रतिवादीने वादीच्या प्लॉटवर बळजबरीने कब्जा केला.' मी वकिलांना विचारलंही. ते म्हणाले, असंच लिहायची पद्धत आहे. मला खोली हवी होती. मी गप्प बसले आणि नानांची सही घेतली.

नानांच्या आधी बेलीफ मावशीकडं पोचला. तिच्या मुलानं, हनुमाननं, समन्स आणि सोबतचा दावा तिला वाचून दाखवला. दुसऱ्या दिवशी दूध आलं नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. नाना रिकामा पेला धुऊन पालथा घालायचे आणि दाराशी बसायचे.

"दावा काढून घे," शेवटी ते म्हणाले. "न्हाई बांधायची मला खोली."

"आणि श्रेयाची दहावी?" मी चिडले.

तारखेच्या सकाळी आम्ही रिक्षा बघायला बाहेर आलो. हनुमान आपली रिक्षा घेऊन दारातच उभा होता. मागं मावशी, ठेवणीतलं लुगडं नेसून.

"बसा काका," तो म्हणाला. "तिकडंच चाललोय ना समदे."

एका बाजूला वादी, एका बाजूला प्रतिवादी आणि मधे मी.

न्यायाधीशबाईंनी मावशीला पुढं बोलावलं. तुम्ही यांच्या प्लॉटवर कब्जा केलात असं यांचं म्हणणं आहे, तुमचं काय म्हणणं?

"कागदात लिवलंय ते खरं हाय, बाईसाहेब," मावशी म्हणाली. "म्या बळंच घेतला. माझं काय व्हायचं ते व्हईल. पन त्यांला माडी बांधू द्या. लेकराला अभ्यासाला जागा नाय."

असं कबूल केलं तर घर जाईल, हे हनुमाननं तिला चार वेळा समजावलं होतं, ते मला मागाहून कळलं.

नाना ताडकन उभे राहिले. "खोटं बोलती ही. प्लॉट म्या दिलाय, माझ्या हातानं. नारळ म्याच फोडला."

"मग तुमच्या दाव्यात बळजबरी कशी आली?"

नानांना काय ठाऊक? त्यांनी माझ्याकडं बघितलं. मी उठले. "मी वाचलं होतं," मी म्हणाले. "खोटं आहे हे माहीत असून सही घेतली."

न्यायाधीशबाईंनी वकिलांकडं एकदा बघितलं. पुढच्या तारखेला तडजोडनामा आणा, म्हणाल्या, आणि त्यात जे घडलं तेच लिहा.

परतताना रिक्षात आकाशवाणीच्या सिग्नलला मावशी माझ्या डोक्यावरून नानांना म्हणाली, "पुढल्या बारीला दावा लावायचा आसंल तर आदी सांगत जा. नारळ तरी आणून ठिवीन."

नाना इतके हसले की त्यांना खोकला लागला. मावशीनं माझ्याकडं बघितलं नाही. खोलीची परवानगी आता मिळणार होती, पण माझा जीव तिच्या त्या न बघण्यात अडकला होता.

सकाळी दार वाजलं. मावशी उभी होती. तिच्या हातात दोन पेले होते.

"एक नानाचा," ती म्हणाली. "एक तुझा."

मी तिथंच दारात उभी राहून शेवटच्या थेंबापर्यंत प्यायले.