मास्तरांच्या अंगठ्याखालची रेघ

माझे पहिले तीन आकडे पुसले गेले आहेत, मित्रांनो. एक, दोन आणि तीन. ते कुणी खोडले नाहीत, एका अंगठ्याखाली झिजून गेले. त्या अंगठ्याचीच गोष्ट मला सांगायची आहे, आणि ती घाईने सांगायची आहे, कारण मी एकदा उशीर केला आहे.

मी शिंप्याची जुनी टेप. एका कारखान्यात कापडी पट्टीवर पिवळा लेप चढवून माझ्यावर आकडे छापले गेले. एका बाजूला साठ इंच, दुसऱ्या बाजूला दीडशे सेंटिमीटर. दोन्ही टोकांना पितळी पत्रा ठोकला आणि मला गुंडाळून डबीत बसवलं. तेवढाच काय तो माझा निवांतपणा. डबी उघडली ती मास्तरांनी, आणि त्या दिवसापासून मी त्यांच्या गळ्यात आहे. सव्वीस वर्षं झाली.

मास्तरांचं दुकान म्हणजे एक खोली. खिडकीपाशी पायमशीन, मधे कापायचं टेबल, भिंतीला आरसा, आरशाला एक तडा. मागच्या दाराने दोन पायऱ्या चढल्या की घर. मास्तर कोट शिवतात. त्यांचं माप घ्यायचं तंत्र असं : डाव्या अंगठ्याच्या नखाने माझं टोक गिऱ्हाइकाच्या खांद्याच्या हाडावर दाबून धरायचं आणि उजव्या हाताने मला ओढत न्यायचं. शिवण मोडायची ती त्याच नखाने, दुमड दाबायची ती त्याच नखाने. "इस्त्री नंतर, आधी नख," असं ते म्हणतात.

माझे आकडे गेले तेव्हा त्यांची सून म्हणाली, "बाबा, नवी टेप आणू का?"

"कशाला? चारवर धरायचं आणि शेवटी चार वजा करायचे. टेपला काय धाड भरलीय?"

सून दुकानात हाताखाली काम करायला लागली, तेव्हा पहिल्याच आठवड्यात ती वजा करायला विसरली. एका वकिलाच्या कोटाच्या बाह्या बोटांच्या खाली उतरल्या. वकील आरशासमोर उभे राहून म्हणाले, "मास्तर, हात वाढायची वाट बघू का?" सगळे हसले. सून नाही हसली. तिने त्या दिवसापासून प्रत्येक माप दोनदा घेतलं.

ती तशीच आहे. तिची मुलगी सहा वर्षांची. मुलगी शिंकली की ही कपाळाला हात लावणार. मुलगी गप्प बसली तरी लावणार. मास्तर म्हणायचे, "अगं, पोरीच्या कपाळावर तुझ्या हाताचा छाप उठेल एक दिवस." नवरा बाहेरगावी नोकरीला. तोही फोनवर हसायचा. घरात काळजी ही तिचीच खोड, असं सगळ्यांनी ठरवून टाकलं होतं. वाईट हे, की तिलाही ते पटलं होतं.

आता रेघ.

ती सर्वांत आधी मी पाहिली. मास्तरांच्या त्या नखाखाली, मुळापासून टोकापर्यंत, काळपट तपकिरी अशी एक बारीक उभी रेघ. पेन्सिलीने ओढावी तशी. मी रोज त्या नखाखाली दाबली जाते, माझ्याइतकं जवळ दुसरं कोण होतं? पण टेपला तोंड नसतं, मित्रांनो. मला मोजता येतं, हाक मारता येत नाही.

मास्तरांना आधी वाटलं, काळ्या कापडाचा रंग लागला. त्यांनी साबणाने घासलं, मग ब्लेडने हलकं खरवडलं. रेघ तशीच. मग त्यांना आठवलं : वकिलाच्या कोटाला अस्तर लावताना सुई नखात गेली होती. झालं. सुईचं रक्त. शिंप्याला सुई लागते. त्यात सांगण्यासारखं काय? दुसऱ्या कुणाला कदाचित शंका आली असती. शिंप्याच्या घरात प्रत्येक काळ्या ठिपक्याचं उत्तर आधीच तयार असतं.

एका दुपारी नातीच्या फ्रॉकचं माप घेताना मास्तरांनी माझं टोक तिच्या खांद्यावर धरलं, आणि तो अंगठा बरोबर तिच्या गालाशेजारी आला. सून समोर वहीत आकडे लिहीत होती. तिचं पेन थांबलं.

"बाबा, नखाला काय झालंय?"

"सुई."

"कधी?"

"झाले असतील पाच-सहा महिने. तू माप लिही. छाती चोवीस."

"दुखतं का?"

"नाही ना दुखत! दुखत नाही म्हणजे बरं झालंय. चोवीस लिहिलंस?"

तिने चोवीस लिहिलं. पण त्या दिवसापासून तिची नजर त्या अंगठ्यावरून हलेना. मागच्या वर्षी तिच्या पायाचं बोट दारात चेमटलं होतं. नखाखाली काळं रक्त साकळलं होतं. ते नखाबरोबर हळूहळू पुढे सरकत गेलं आणि एके दिवशी नेलकटरने कापलंही गेलं. रक्त असं पुढे जातं. मग बाबांचं का जात नाही? सहा महिन्यांत हाताचं नख जवळजवळ सगळं नवं येतं. ही रेघ तर रोज मुळातूनच निघते आहे.

ती एकदा बोलली, "डॉक्टरांना दाखवू या." मास्तर म्हणाले, "नखासाठी डॉक्टर? उद्या केस कापायला दवाखान्यात नेशील." दुसऱ्यांदा बोलली, तेव्हा ते नुसते मशीन जोरात चालवू लागले. तिसऱ्यांदा ती बोलली नाही. स्वतःलाच दटावलं असेल : पुरे झाली तुझी काळजी.

पण जेवणानंतर मास्तर खुर्चीत डुलकी घेत. मी गळ्यातच असायची. एका दुपारी ती हलक्या पावलांनी आली. माझं दुसरं टोक उचललं, सेंटिमीटरचं, दीडशेच्या बाजूचं, जिथे सहसा कुणाचं माप पोहोचत नाही. ते तिने झोपलेल्या अंगठ्याशी धरलं आणि निळ्या पेनने माझ्यावर दोन बारीक ठिपके दिले : रेघेची एक कड, दुसरी कड. शेजारी तारीख. दोन मिलिमीटर.

टेपवर लिहायचं नसतं. दुकानातला तो पहिला नियम. मास्तरांनी माझ्यावर कधी खडूसुद्धा लागू दिला नव्हता. मी आयुष्यात पहिल्यांदा डागाळले, आणि खरं सांगू? मला बरं वाटलं. कुणीतरी माझ्या तोंडात शब्द घातला होता.

दीड महिन्याने तिने पुन्हा मोजलं. तीन मिलिमीटर. तिला वाटलं, पेन चुकलं असेल. तिने दोनदा मोजलं. तीनच. मी नखाखाली दिवसभर दाबली जात होते आणि मनात एकच : आता बोल, बाई, आता तरी बोल. ती बोलत नव्हती. मी बोलू शकत नव्हते. मशीन चालतच होतं.

आणखी दीड महिन्याने ती मुलीला लस द्यायला घेऊन गेली. दवाखान्याच्या भिंतीवर त्वचेच्या कॅन्सरचा तक्ता होता. ती रांगेत उभी राहून तो वाचत राहिली. त्यात लिहिलं होतं, की तो नेहमी उन्हात जाणाऱ्या अंगावरच होतो असं नाही. तळपायाला, तळहाताला, नखाखालीही होतो, आणि सावळ्या माणसांमध्ये तर अशाच जागी जास्त सापडतो. शेवटची ओळ होती : नखातला काळा रंग शेजारच्या कातडीवर उतरला, तर थांबू नका.

घरी येऊन तिने पिशवीही खाली ठेवली नाही. मास्तर खुर्चीत डुलत होते. तिने अंगठा उजेडात धरला. नखाच्या मुळाशी, कातडीवर, शाई सांडावी तसा काळा डाग. तिने मला धरलं. साडेचार. ठिपका देताना पेन जोरात टोचलं आणि मास्तर जागे झाले.

"काय करतेस?" मग त्यांना पेन दिसलं. "टेपवर लिहितेस? माझ्या टेपवर? सव्वीस वर्षांत हिच्यावर साधी रेघ ओढली नाही मी!"

"बाबा, आधी वाचा."

"पुसून काढ ते!"

"पुसते. पण आधी वाचा. तुम्ही कुणाचा कोट अंदाजाने कापत नाही ना? कापड हातात आलं तरी म्हणता, आधी टेप. मग हे सुईचं रक्त आहे, हे कशावरून ठरवलंत? मोजलंत का एकदा तरी?"

मास्तरांनी मला गळ्यातून ओढून काढलं. अंगठ्याला थुंकी लावून पुसायला गेले आणि थांबले. सवयच ती, आकडा समोर आला की डोळा वाचतो. पहिले दोन ठिपके, तारीख. दुसरे दोन, तारीख. तिसरे दोन, शाई ओली. त्यांनी चष्मा नाकावर खाली ओढला. मग स्वतःचा अंगठा आणून पहिल्या जोडीवर ठेवला. रेघ दोन्हीकडून बाहेर आली. दुसऱ्या जोडीवर ठेवला. तरी बाहेर. तिसऱ्या जोडीवर ती बरोबर बसली.

त्यांनी सुनेवर विश्वास ठेवला नव्हता. दुखत नाही म्हणून अंगठ्यावरही शंका घेतली नव्हती. पण टेप खोटं बोलत नाही, हे त्यांचं सव्वीस वर्षांचं मत होतं.

"अंगठा कापतील गं," ते हळूच म्हणाले. तेव्हा कळलं, की रक्ताची गोष्ट त्यांना स्वतःलाही कधीची पटत नव्हती. "अंगठ्याशिवाय मी टेप कशी धरू?"

"ते नंतर बघू. चप्पल घाला."

"दुकान?"

"मी पडदा ओढते. तुम्ही चप्पल घाला, बाबा."

मला पुन्हा गळ्यात अडकवूनच ते निघाले. कातडीच्या डॉक्टरीणबाईंनी स्टेथोस्कोप काढून टेबलावर ठेवला आणि माझ्याकडे बघून म्हणाल्या, "आज दोघंही गळ्यात कामाचं घालून आलोय." त्यांनी भिंगाच्या छोट्या यंत्रातून नख पाहिलं. मग सुनेने माझं टोक पुढे केलं. बाईंनी ठिपके पाहिले, तारखा पाहिल्या, आणि त्यांचं हसू गेलं.

"नखातली प्रत्येक काळी रेघ वाईट नसते," त्या म्हणाल्या. "कित्येकांना असते, जन्मभर तशीच राहते. पण एकाच बोटाला, मोठ्या वयात नवी आली, रुंद होत गेली, कातडीवर उतरली, तर तुकडा तपासावाच लागतो. तीळही तसाच बघायचा. दोन बाजू सारख्या नाहीत, कड वेडीवाकडी, एकात दोन-तीन रंग, पेन्सिलीच्या मागच्या खोडरबरापेक्षा मोठा, किंवा बदलतोय, तर दाखवायचा. भरत नाही अशी जखम असेल, तीही. आणि दुखण्याची वाट बघायची नाही. हे बहुतेक वेळा दुखतच नाही."

काढलेल्या तुकड्याच्या तपासणीचा कागद यायला आठ दिवस लागले. ते आठ दिवस मी खुंटीवर होते. सून दिवसातून दहा वेळा मला सरळ करायची, मी सरळच असायची. मुलगी विचारायची, "आई, टेपला ताप आलाय का?"

कागद आला. कॅन्सरच होता. पण अजून वरच्या थरात होता, खोल उतरला नव्हता. नख आणि त्याखालची कातडी पूर्ण काढावी लागली, त्यावर दुसरीकडची कातडी लावली. अंगठा राहिला. "तुम्ही अजून आधी आला असतात तर मला जास्त आवडलं असतं," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "वर्षाने आला असतात, तर मी काय बोलले असते ते विचारू नका."

मास्तर आता पुन्हा कोट शिवतात. दुमड दाबायला सुनेचं नख घेतात. "नऊ नखं कापायची," ते गिऱ्हाइकांना सांगतात, "वेळ वाचतो." माझं टोक आता तर्जनीने धरतात, थोडं पुढे, सहाच्या आकड्यावर. वजा करायचे सहा झाले आहेत. एकदा ते स्वतःच विसरले आणि सून म्हणाली, "बाबा, हात वाढायची वाट बघायची का?"

तरीही मी निवांत नाही, मित्रांनो. दर तीन महिन्यांनी ते तपासणीला जातात आणि परत येईपर्यंत मी खुंटीवर ताठ लोंबकळते. सून दर रविवारी, आंघोळीनंतर, मुलीचे तळपाय उजेडात धरते, बोटांच्या बेचक्या बघते, कानामागे बघते. मग स्वतःचे. मग "बाबा, पाय इकडे करा." आता कुणी हसत नाही. पायाला गुदगुल्या होतात म्हणून मुलगी हसते, तेवढंच.

तुमच्या घरी टेप असेल. नसली तर पट्टी असेल, कंपासपेटीत. पण मुख्य म्हणजे डोळे आहेत. आजोबा पेपर वाचत असतील तेव्हा त्यांचा हात हातात घ्या आणि नखं बघा. आजीचे तळपाय बघा. तिला स्वतःला ते दिसत नाहीत. काही नवं दिसलं, बदलणारं दिसलं, तर मोठ्यांना सांगा. ते म्हणतील, काही नाही, लागलंय कुठेतरी. पुन्हा सांगा. तिसऱ्यांदाही सांगा.

मला तोंड नव्हतं. तुम्हाला आहे.

माझ्यावरचे ते सहा निळे ठिपके मास्तरांनी पुसले नाहीत. परवा नव्या गिऱ्हाइकाने विचारलं, "मास्तर, टेपच्या टोकाला हे काय गिचमिडलंय?"

मास्तरांनी नख नसलेला अंगठा त्या ठिपक्यांवरून फिरवला आणि म्हणाले, "माझं माप आहे. सूनबाईने घेतलंय. तुम्ही हात दाखवा. तसे नाही, पालथे. आधी नखं बघू, मग बाही."