लामुसाच्या शिव्या

माझे यजमान रास्माने गेले, तेव्हा कबर खणून होताच लामुसा तोए तिच्यात उतरून आडवा झाला. म्हणाला, "हा माझा गुलाम. मला न विचारता मेलाच कसा? आधी माझी परवानगी, मग माती."

आम्ही मोशी जमातीचे, तो सामो. मोशी-सामोंनी एकमेकांना थट्टेनं गुलाम म्हणायचं, अगदी मयताच्या दारीही, आणि कुणी राग धरायचा नाही, हे वाडवडिलांपासूनचं. दिरांनी त्याच्या हातावर मूठभर शेंगदाणे ठेवले. गुलामाची एवढीच का किंमत, अशी कुरकुर करत तो वर आला, कडेला बसला आणि लहान मुलासारखा रडला. त्याच्यामुळे आम्हांला मध्येच हसू आलं होतं. तो दिवस त्यावरच निभावला.

दिरांची मुलगी देल्वेंदे तेव्हा फ्रान्सहून कॅमेरा घेऊन आली होती. तिचा जन्म तिकडचाच, आमची भाषा तिला तुटक येते. गोरे साहेब गेल्यावर या देशात काय उरलं, यावर ती माहितीपट करत होती. पोरीनं सगळं जीव लावून टिपलं.

पुढे सोमवार-गुरुवारचा माझा रोजा असला की लामुसा नेमका यायचा. समोर बसून चवळीचे वडे खायचा आणि यजमानांना शिव्या घालायचा: वर जाऊन आळशी झाला असेल, माझी गुरं कोण राखणार? मी तसबीहचे मणी ओढत हसू दाबायची. तेवढा वेळ यजमान घरात आहेत असं वाटायचं.

मग तो माहितीपट फोनवरून गावात आला. लामुसा कबरीत पडलेला दिसतो आणि देल्वेंदेचा आवाज सांगतो, की इथे आजही मालकाच्या परवानगीशिवाय गुलामाला माती मिळत नाही. त्याचं रडणं कापलेलं होतं. शहरात त्याच्या नातवंडांना लोक नावं ठेवू लागले. लामुसा यायचा थांबला.

देल्वेंदेला कळलं तशी ती धावत आली. मी तिला त्याच्याकडे नेलं. ती गुडघ्यांवर बसली, ते वाक्य काढून टाकते म्हणाली.

"ऊठ पोरी," लामुसा म्हणाला. "तू खोटं काय दाखवलंस? बोललो तर मीच होतो. पण ते पाहिल्यापासून मलाही ते तसंच ऐकू येतं."

कुणाला वाकडा शब्द बोलायचा नाही, हा माझा रोजचा नेम. त्या दिवशी मी तो मोडला.

"ए सामो," मी म्हटलं, "आमच्या घरचा गुलाम ना तू? मग कामाला यायचं सोडून इथं काय लोळत पडलास?"

लामुसा सावकाश उठला. नजर खाली ठेवून त्यानं माझ्या गुडघ्यांची चौकशी केली, मग मुलांची, मग शेळ्यांची. मी एकेकाचं उत्तर देत गेले. सगळं विचारून झाल्यावर, एकही शिवी न देता, परक्या बाईला पोचवावं तसा तो आम्हांला फाटकापर्यंत पोचवायला आला.