सात नंबरचा लाल दिवा

मी एक जुना मिक्सर आहे. हसू नका मित्रांनो, स्वयंपाकघरातला नव्हे! मी कार्यक्रमातल्या माइकचे आणि वाद्यांचे आवाज एकत्र करतो. माझ्या अंगावर सोळा दांड्या आहेत आणि प्रत्येकीखाली एक बटण. ते दाबलं की तो माइक बंद होतो आणि शेजारी लाल दिवा लागतो.

कारखान्यातून मी थेट साउंडवाल्या मास्तरांकडे आलो. बावीस वर्षं त्यांनी मला जिवापाड जपलं. माझ्या फटींतली धूळ ते मऊ ब्रशनं झाडत. कुणाचा माइक कोणता, ते पांढऱ्या चिकटपट्टीवर लिहीत. "हा माझा उजवा हात आहे," असं चारचौघांत सांगत. मी फुलून जात असे.

मग आला तो मोठा मेळा. मोकळ्या मैदानावर गाणी, ड्रम बडवणारे यंत्रमानव, आकाशात चित्रं काढणारे ड्रोन! त्या संध्याकाळी मास्तरांची मुलगी पहिल्यांदाच एवढ्या लोकांपुढे गाणार होती. सात नंबरखाली त्यांनी तिचं लाडाचं नाव लिहिलं, चिमणी. यंत्रमानवांचा दणदणाट तिच्या माइकमध्ये शिरू नये म्हणून त्यांनी सातचं बटण दाबून ठेवलं. ते योग्यच होतं. पण मग ड्रोन उडाले आणि मास्तर आ वासून वर बघत बसले.

चिमणी गाऊ लागली. ओठ हलत होते, पण आवाज कुणालाच येत नव्हता. माझा लाल दिवा जळत होता. मला याहून मोठ्यानं ओरडता येत नाही हो! लोक हसले, कुणी शिट्ट्या मारल्या. ती रडत खाली उतरली, तेव्हा कुठे मास्तरांची नजर माझ्यावर गेली. त्यांनी हळूच बटण पुन्हा दाबून दिवा विझवला.

आयोजक बाई धावत आल्या. "अहो, झालं तरी काय?"

"काय सांगू मॅडम, हे जुनं खोकं! ऐन वेळी दगा दिला यानं."

दगा? मी? अंगात वीज खेळत होती, तरी मी गार पडलो.

चिमणीनं डोळे पुसले. "बाबा, खरंच यानं केलं?"

मास्तर तिच्याकडे न बघता म्हणाले, "हो गं बाळा."

लहानपणी ती माझ्या टेबलाखाली झोपायची. त्या दिवशी तिनं मला जोरात चापट मारली.

आता मी गोदामात रंगाच्या डब्यांखाली पडून आहे. मास्तर येतात, हवं ते उचलतात आणि माझ्याकडे न बघता जातात.

मित्रांनो, आम्ही बिघडलो तर खुशाल टाकून द्या. पण तुमची चूक आमच्या माथी मारू नका, आम्हाला तोंड नसतं. माझं सात नंबरचं बटण अजून उत्तम चालतं. चिमणीला कुणी एवढं सांगाल का?