गुंगीतली जबानी

इंजेक्शन दिलं की माणूस गुंगीत खरं बोलतो, असं फौजदारांनी सांगितल्यापासून कल्याणला जागेपणीच गुंगी येऊ लागली होती. उसाला पाणी देताना डोळे उघडेच असायचे, पण समोर पांढरी खोली यायची. कॉटवर तो स्वतःच पडलेला. तोंड आपोआप उघडायचं आणि वाड्यातून मेंढरं निघावीत तशा गोष्टी निवांत बाहेर पडायच्या: पहाटेचं धुकं, पंकजाचं गाठोडं, शेवगावच्या स्टँडवरची एसटी, आणि शेवटी एका गावाचं नाव. तिथं तो दचकायचा. तोवर पाणी शेजाऱ्याच्या रानात शिरलेलं असायचं.

पंकजा त्याची धाकटी बहीण. दुसऱ्या जातीतल्या, पण मनातल्या मुलाशी तिनं लग्न केलं होतं आणि तिला गाडीत बसवून देणारा कल्याणच होता. बाप गहिनीनाथ कोयता घेऊन तिला हुडकत होता. पत्ता एकट्या कल्याणला ठाऊक. नशीबही असलं खट्याळ, की त्याच पहाटे गावच्या खंडोबाचा चांदीचा मुखवटा चोरीला गेला आणि देवळामागून गाठोडं नेताना कल्याण लोकांना दिसला. कुठं गेला होतास, याचं उत्तर त्याला देता येईना.

संशय आला की देवापुढं बेलभंडारा उचलून शपथ घ्यायची, ही गावची रीत. कल्याणनं तो बेधडक उचलला. पण गाव आता सुधारलं होतं ना! मोबाईल बघून बघून सगळे वकील झालेले.

"त्यो जुना बेलभंडारा. ह्यो सरकारी," पारावर पुंजाराम म्हणाला. "सुई टोचून घे आन मोकळा हो. चोर नसशील तर भ्यायचं कशाला?"

बेलभंडारा उचलताना तोंड माणूस स्वतः उघडतो, सुईनं ते आपोआप उघडतं, एवढी साधी गोष्ट त्या शहाण्यांच्या ध्यानात येईना.

सुईला संमती आहे का, हे विचारायला कल्याणला कोर्टात बोलावलं, तेव्हा आवारात गहिनीनाथनं टोपी काढून पोराच्या पायावर ठेवली. "लेकरा, व्हय म्हन. घराची अब्रू हाय रं." बापाचं उघडं, पांढरं डोकं बघून कल्याण कासावीस झाला. व्हय म्हणावं, असं त्याला खरंच वाटलं.

आत न्यायाधीश बाई शांतपणे म्हणाल्या, "तुमच्या मर्जीशिवाय ही चाचणी कोणी करू शकत नाही. नाही म्हणालात, म्हणून तुम्ही गुन्हेगार ठरत नाही. बोला, तयार आहात?"

पंखा संथ फिरत होता. त्याच्याखाली पुन्हा ती पांढरी खोली आली. कॉटवरचा कल्याण हसत हसत, लाडिक आवाजात त्या गावाचं नाव सांगत होता, आणि दाराशी बाप कान देऊन उभा होता.

"न्हाई," कल्याण म्हणाला. "मला न्हाई टोचून घ्यायचं."

"का?" मागून बापच ओरडला.

"कारण सांगायची त्यांना गरज नाही," बाई म्हणाल्या आणि त्यांनी नकार नोंदवून घेतला.

बाहेर आल्यावर गहिनीनाथनं त्याच्याकडं पाहिलंसुद्धा नाही. "ती तोंड काळं करून गेली. आज तू केलंस. दोगं बी मला मेलात," एवढं बोलून तो स्टँडकडं निघाला.

कल्याणला हुंदका फुटला. पंकजा गेल्यापासून पहिल्यांदाच, 'दोगं बी' म्हणताना, बापानं तिला कल्याणच्या शेजारी बसवलं होतं, आणि रडतानाही त्याला त्याचं बरं वाटत होतं. मग डोळे पुसून, थोडं अंतर राखून, तो बापाच्या मागं चालू लागला. गावाकडं जाणारी गाडी एकच होती.